वाचकांचे प्रश्न : इंग्लंडचा चषक आणि गिरण्यांची गावे

गेल्या अंकात आम्ही इंग्लिश फुटबॉलच्या इतिहासाविषयी प्रश्न मागवले होते. मराठवाड्यातून आलेल्या पत्रांपैकी काही निवडून त्यांची उत्तरे येथे देत आहोत. अमुक संघ थोर की तमुक, अशी विचारणा करणाऱ्या पत्रांच्या वाटेला आम्ही गेलेलो नाही.

प्रश्न : २०२५ च्या मे महिन्यात क्रिस्टल पॅलेसने मँचेस्टर सिटीला हरवून एफ. ए. चषक जिंकला, पण त्याच मोसमात प्रीमियर लीगचे विजेतेपद लिव्हरपूलला मिळाले. मग इंग्लंडचा खरा विजेता कोणाला म्हणायचे? आणि या दोन स्पर्धांपैकी जुनी कोणती?
— एक महाविद्यालयीन विद्यार्थी, परभणी

उत्तर : वयाचा मान चषकाचा आहे. फुटबॉल असोसिएशन (म्हणजेच एफ. ए.) ही संस्था लंडनमध्ये १८६३ साली स्थापन झाली. तिचे चिटणीस चार्ल्स अल्कॉक यांनी २० जुलै १८७१ रोजी ‘द स्पोर्ट्समन’ या वृत्तपत्राच्या कचेरीत भरलेल्या बैठकीत, सदस्य क्लबांसाठी एक चषक ठेवावा, असा प्रस्ताव मांडला. अल्कॉक हे हॅरो शाळेत शिकलेले होते आणि तेथील वसतिगृहांमध्ये बाद पद्धतीने होणारी चुरस त्यांच्या परिचयाची होती. तीच कल्पना त्यांनी क्लबांसाठी वापरली. पहिल्या वर्षी अवघ्या १५ क्लबांनी नावे नोंदवली. ग्लासगोचा क्वीन्स पार्क संघ उपांत्य फेरीत लंडनच्या वाँडरर्स संघाशी बरोबरीत सुटला, पण फेरसामन्यासाठी पुन्हा लंडन गाठण्याचा खर्च झेपणारा नसल्यामुळे त्याने माघार घेतली. १६ मार्च १८७२ रोजी केनिंग्टन ओव्हलवर सुमारे २,००० प्रेक्षकांसमोर वाँडरर्सने रॉयल इंजिनिअर्स या लष्करी संघाचा १-० असा पराभव केला. विजेत्या संघाचे कर्णधार खुद्द अल्कॉक होते आणि एकमेव गोल करणारे मॉर्टन बेट्स त्या दिवशी ‘ए. एच. चेकर’ या टोपणनावाने खेळत होते. क्रिकेटप्रेमी वाचकांसाठी एवढी भर घालतो की, १८८० साली इंग्लंडच्या भूमीवरील पहिला कसोटी सामना याच ओव्हलवर झाला आणि तो जुळवून आणण्यातही, सरे क्रिकेट क्लबचे चिटणीस या नात्याने, याच अल्कॉकांचा पुढाकार होता.

साखळी स्पर्धा १८८८ साली सुरू झाली आणि तिची आजची सर्वोच्च श्रेणी, म्हणजे प्रीमियर लीग, १९९२ पासूनची आहे.

खरा विजेता कोण, याचे उत्तर आज कोणीही लीगच्या बाजूनेच देईल. जत्रेच्या फडात शेवटची मानाची कुस्ती मारणारा मल्ल त्या दिवसाचा राजा असतो, परंतु पंचक्रोशीत सर्वांत भारी कोण, हे तेवढ्यावरून ठरत नाही. क्रिस्टल पॅलेस त्या मोसमात लीगमध्ये बाराव्या स्थानी होता. २०१३ साली तर विगन अॅथलेटिकने अंतिम सामन्यात मँचेस्टर सिटीला १-० असे नमवले आणि तीनच दिवसांनी तो संघ प्रीमियर लीगमधून खालच्या श्रेणीत घसरला. तरीही जुन्या पिढीतील इंग्रज खेळाडूंना चषकाच्या अंतिम सामन्याचे जे अप्रूप होते, ते लीगच्या पदकाचे नव्हते. १९३८ साली हा सामना प्रथमच संपूर्णपणे दूरचित्रवाणीवर दाखवला गेला आणि पुढे कित्येक वर्षे घरबसल्या थेट पाहायला मिळणारा क्लबांचा सामना वर्षाकाठी जवळपास हाच एक असे.

प्रश्न : माझे वडील नांदेडच्या उस्मानशाही मिलमध्ये कामाला होते. ब्लॅकबर्न, बोल्टन, प्रेस्टन, बर्नली ही नावे त्यांनी कापडाच्या आणि यंत्रांच्या संदर्भात ऐकलेली होती. मला ती फुटबॉलमुळे माहीत झाली. या गावांचा आणि फुटबॉलचा संबंध योगायोगाचा आहे काय?
— एक वाचक, नांदेड

उत्तर : मुळीच नाही. आमच्या मते इंग्लिश फुटबॉलच्या इतिहासातील सर्वांत महत्त्वाचा प्रश्न आपणच विचारला आहे, म्हणून त्याचे उत्तर जरा सविस्तर देतो.

चषकाची पहिली दहा-अकरा वर्षे हा खेळ लष्करी अधिकारी, ऑक्सफर्डचे विद्यार्थी आणि ईटन-हॅरोसारख्या शाळांतून बाहेर पडलेले खानदानी तरुण यांच्या हाती होता. खेळासाठी पैसे घेणे त्यांना कमीपणाचे वाटे, कारण पैशांची त्यांना ददात नव्हती. तिकडे उत्तरेत, लँकेशायरच्या कापड गिरण्यांच्या पट्ट्यात, वेगळेच काही घडत होते. १८५० च्या कारखाना कायद्याने कापड गिरण्यांतील स्त्रिया आणि अल्पवयीन कामगार यांचे शनिवारचे काम दुपारी दोन वाजता थांबवणे बंधनकारक केले होते. त्यांच्यावाचून गिरणी चालू ठेवणे शक्य नसल्यामुळे पुरुष कामगारांनाही हळूहळू शनिवारची दुपार मोकळी मिळू लागली. हातात आठवड्याचा पगार आणि समोर रिकामी दुपार, अशा हजारो माणसांना मैदानाकडे ओढणारा खेळ म्हणजे फुटबॉल. सामना दुपारी तीन वाजता सुरू करण्याची पद्धत या सुट्टीच्या वेळेशी जुळलेली आहे.

३१ मार्च १८८३ रोजी केनिंग्टन ओव्हलवर या दोन जगांची गाठ पडली. एका बाजूला आदल्या वर्षीचा विजेता ओल्ड इटोनियन्स, म्हणजे ईटन शाळेच्या माजी विद्यार्थ्यांचा संघ. त्यात नऊ अंतिम सामने खेळण्याचा विक्रम ज्यांच्या नावावर आहे ते लॉर्ड किनेर्ड होते. दुसऱ्या बाजूला ब्लॅकबर्न ऑलिंपिक, ज्याच्या संघात विणकर, लोखंडाच्या ओतशाळेतील मजूर, नळकाम करणारा, कारकून आणि दंतवैद्याचा मदतनीस असे लोक होते. ओतशाळेचे मालक सिडनी येट्स यांनी या संघामागे पैसा उभा केला आणि प्रशिक्षक जॅक हंटर यांनी सामन्यापूर्वी खेळाडूंना ब्लॅकपूलला समुद्रकाठी नेऊन सराव करवून घेतला. सामन्याआधी संघाने एकत्र राहून तयारी करणे त्या काळी इतके नवे होते की लंडनच्या मंडळींनी नाके मुरडली. इटोनियन्सचा एक खेळाडू जखमी होऊन बाहेर गेला, निर्धारित वेळेत १-१ अशी बरोबरी झाली आणि जादा वेळेत ऑलिंपिकने दुसरा गोल केला. खानदानी हौशी संघांच्या हातून चषक निसटला तो कायमचाच. त्यानंतर तसा एकही संघ तो जिंकू शकला नाही.

आता गिरणीत सहा दिवस राबणारा माणूस सरावाला आणि दूरच्या सामन्यांना कसा जाणार? अर्थातच त्याची रोजंदारी कोणीतरी भरून द्यावी लागे, आणि ती चोरून दिली जाई. १८८४ साली लंडनच्या अप्टन पार्क क्लबने प्रेस्टन नॉर्थ एंडविरुद्ध तक्रार केली. प्रेस्टनचे सर्वेसर्वा विल्यम सडेल, जे स्वतः कापूसगिरणीचे व्यवस्थापक होते, त्यांनी लपवाछपवी न करता सांगून टाकले की होय, आम्ही पैसे देतो आणि इतरही देतात. प्रेस्टनला स्पर्धेतून बाद करण्यात आले खरे, परंतु उत्तरेतील क्लब वेगळी चूल मांडण्याची भाषा करू लागताच असोसिएशनने जुलै १८८५ मध्ये व्यावसायिक खेळाला मान्यता दिली. सडेल यांची पुढची कहाणी गिरणीच्या माणसाला विशेष कळेल अशी आहे. क्लबसाठी त्यांनी गिरणीच्या पैशांत अफरातफर केल्याचे उघड झाले आणि १८९५ साली त्यांना तीन वर्षांची कैद झाली.

लीगचा जन्मही या पगाराच्या चिंतेतूनच झाला. चषकातून लवकर बाद झालेल्या संघाला उरलेल्या मोसमात मैत्रीपूर्ण सामन्यांवर भागवावे लागे, आणि असे सामने आयत्या वेळी रद्द होत. प्रेक्षक आले नाहीत तरी खेळाडूंचा पगार मात्र चुकत नसे. बर्मिंगहॅममध्ये कापडाचे दुकान चालवणारे, मूळचे स्कॉटिश असलेले ॲस्टन व्हिलाचे विल्यम मॅकग्रेगर यांनी २ मार्च १८८८ रोजी काही प्रमुख क्लबांना पत्र धाडले आणि सुचवले की, ठरावीक क्लबांनी एकमेकांशी घरच्या आणि परक्या मैदानावर निश्चित तारखांना खेळावे. १७ एप्रिल रोजी मँचेस्टरच्या रॉयल हॉटेलमध्ये फुटबॉल लीग स्थापन झाली आणि ८ सप्टेंबरला पहिले सामने झाले. बारा संस्थापक क्लबांपैकी अॅक्रिंग्टन, ब्लॅकबर्न रोव्हर्स, बोल्टन, बर्नली, एव्हर्टन आणि प्रेस्टन हे सहा लँकेशायरचे होते. उरलेले सहा ॲस्टन व्हिला, डर्बी, नॉट्स काउंटी, स्टोक, वेस्ट ब्रॉमविच आणि वुल्व्हरहॅम्प्टन हे मध्य इंग्लंडच्या लोखंड, मातीची भांडी आणि विणकाम यांच्या गावांतले. लंडनचा एकही नव्हता. गंमत म्हणजे सामने सुरू झाले तेव्हा गुण कसे द्यायचे हेच पक्के नव्हते. विजयाला दोन आणि बरोबरीला एक, हा निर्णय नोव्हेंबरमध्ये झाला. ती पहिली लीग प्रेस्टनने २२ पैकी १८ सामने जिंकून आणि चार बरोबरीत सोडवून, म्हणजे एकही सामना न गमावता, खिशात घातली. शिवाय त्याच मोसमात एकही गोल न स्वीकारता चषकही मिळवला.

ज्या ब्लॅकबर्न ऑलिंपिकने ही वाट मोकळी केली, त्याला मात्र लीगमध्ये जागा मिळाली नाही. ब्लॅकबर्नमधून रोव्हर्सची निवड झाली आणि ऑलिंपिक १८८९ साली बंद पडला.

प्रश्न : शनिवारी दुपारी तीनचे सामने इंग्लंडमधील लोकांना टीव्हीवर दिसत नाहीत, असे ऐकतो. हे खरे आहे का?
— एक वाचक, हिंगोली

उत्तर : खरे आहे. मोठा सामना टीव्हीवर लागला तर लोक आपल्या गावच्या छोट्या संघाच्या मैदानाकडे फिरकणार नाहीत, अशी भीती बर्नली क्लबचे अध्यक्ष बॉब लॉर्ड यांनी १९६० च्या दशकात व्यक्त केली आणि ती इतर क्लबांना पटली. तेव्हापासून शनिवारी पावणेतीन ते सव्वापाच या वेळेत तेथे सामन्यांचे थेट प्रक्षेपण होत नाही. तेच सामने आपल्याकडे उन्हाळ्यात संध्याकाळी साडेसातला आणि हिवाळ्यात साडेआठला दिसतात.

प्रश्न : मी गणित शिकवतो. पूर्वी लीगमध्ये गुण समान झाल्यास गोलांची वजाबाकी न करता भागाकार करीत, असे वाचले. या भागाकारामुळे कधी विजेता बदलला आहे काय?
— एक शिक्षक, उदगीर

उत्तर : बदलला आहे, आणि त्याचे १९२४ चे उदाहरण आपण वर्गात फळ्यावर सोडवून दाखवावे इतके नामी आहे.

केलेल्या गोलांना स्वीकारलेल्या गोलांनी भागून येणाऱ्या संख्येला गोलसरासरी म्हणत. १९२३-२४ च्या मोसमाचा शेवटचा दिवस उजाडला तेव्हा वेल्सचा कार्डिफ सिटी ५६ गुणांसह आघाडीवर होता आणि हडर्सफील्ड टाउनचे ५५ गुण होते. कार्डिफचे गोल ६१ विरुद्ध ३४, म्हणजे सरासरी १.७९४, हडर्सफील्डचे ५७ विरुद्ध ३३, म्हणजे १.७२७. कार्डिफचा सामना बर्मिंगहॅममध्ये होता आणि तो जिंकला असता तर प्रश्नच मिटला असता. दुसऱ्या डावात कार्डिफला पेनल्टी मिळाली. लेन डेव्हिस यांनी किक मारली, ती गोलरक्षकाने अडवली आणि सामना ०-० असा सुटला. तिकडे हडर्सफील्डने नॉटिंगहॅम फॉरेस्टला ३-० असे हरवले. दोघांचे गुण ५७ झाले. हडर्सफील्डची सरासरी ६० भागिले ३३, म्हणजे १.८१८ वर पोहोचली आणि ०.०२४ च्या फरकाने विजेतेपद त्यांच्याकडे गेले.

आता आपल्या विद्यार्थ्यांना दोन पोटप्रश्न घाला. हडर्सफील्ड ३-० ऐवजी २-० असा जिंकला असता तर काय झाले असते? ५९ भागिले ३३ म्हणजे १.७८८, म्हणजे कार्डिफ विजेता ठरला असता आणि तिसऱ्या गोलानेच सारे पारडे फिरवले. दुसरा प्रश्न वजाबाकीचा. ६० उणे ३३ म्हणजे २७ आणि ६१ उणे ३४ म्हणजेही २७! आजच्या नियमानुसार गोलफरकही समान झाल्यावर ज्याने अधिक गोल केले तो पुढे, म्हणून ६१ गोलांचा कार्डिफच जिंकला असता. भागाकाराची खोड अशी की त्यात छेदाला, म्हणजे स्वीकारलेल्या गोलांना, अवास्तव महत्त्व येते; २० विरुद्ध १० असा जपून खेळणारा संघ ८० विरुद्ध ४१ अशी धडाकेबाज कामगिरी करणाऱ्याच्या वर बसतो. ही पद्धत सोडून १९७६-७७ पासून गोलफरक आणला गेला. आमच्या मते तो बदल पन्नास वर्षे उशिरा झाला. विजयाला तीन गुण देण्याची पद्धत १९८१ ची आहे.

कार्डिफला लीगचे विजेतेपद पुढे कधीच लाभले नाही. मात्र १९२७ साली त्याने वेम्ब्लीवर आर्सेनलला १-० असे हरवून चषक वेल्सला नेला. इंग्लंडबाहेरच्या संघाने चषक जिंकल्याची ती एकमेव वेळ आहे. ह्यूई फर्ग्युसन यांचा साधासा फटका आर्सेनलचे गोलरक्षक डॅन लुईस यांच्या हातून निसटून गोलात गेला. लुईस स्वतः वेल्सचे असल्यामुळे त्यांच्याविषयी नको ते बोलले गेले. आर्सेनलच्या गोटात मात्र दोष नव्या जर्सीच्या गुळगुळीतपणाला दिला जाई. आकाशवाणीवरून, म्हणजे बीबीसीवरून, वर्णन प्रसारित झालेला पहिला अंतिम सामनाही हाच.

प्रश्न : नवरात्रात मी तुळजापूरला दर्शनरांगेच्या व्यवस्थेत स्वयंसेवक असतो. वेम्ब्लीवर एका पांढऱ्या घोड्याने लाखोंची गर्दी आवरली, ही गोष्ट खरी आहे का? आणि इंग्लंडच्या मैदानांवर पुढे चेंगराचेंगरीत माणसे गेली ती कशामुळे?
— एक स्वयंसेवक, तुळजापूर

उत्तर : २८ एप्रिल १९२३ रोजी नव्याने बांधलेल्या वेम्ब्ली स्टेडियमवर बोल्टन वाँडरर्स आणि वेस्ट हॅम युनायटेड यांच्यात अंतिम सामना होता. एवढ्या मोठ्या मैदानात सर्वांना जागा मिळेलच, या भरवशावर तिकिटे आगाऊ विकून संख्या बांधण्याची गरज कोणाला वाटली नाही. अधिकृत आकडा १,२६,०४७ असा आहे. पण दरवाजे बंद केल्यावर लोक भिंतींवरून चढून आत आले आणि प्रत्यक्ष गर्दी दोन लाखांच्या घरात गेली असावी, असा अंदाज केला जातो. सामन्याच्या वेळी मैदानावर गवत दिसत नव्हते, फक्त माणसे दिसत होती. शिपाई जॉर्ज स्कोरी आणि त्यांचा घोडा बिली यांनी मध्यापासून सुरुवात केली. लोकांना एकमेकांचे हात धरून एकेक पाऊल मागे सरायला सांगत त्यांनी हळूहळू जागा मोकळी केली. घोडेस्वार पोलीस आणखीही होते, पण चित्रफितीत उठून दिसला तो बिलीच, कारण तो फिकट रंगाचा होता. प्रत्यक्षात त्याचा रंग करडा होता. सुमारे पाऊण तास उशिरा सुरू झालेल्या सामन्यात दुसऱ्याच मिनिटाला डेव्हिड जॅक यांनी गोल केला, तेव्हा वेस्ट हॅमचा एक खेळाडू रेषेबाहेरच्या गर्दीत अडकून पडला होता. मध्यंतरात खेळाडूंना आत जायला वाटच नव्हती, म्हणून ते मैदानावरच थांबले. बोल्टन २-० असा जिंकला.

शेकडो लोक जखमी झाले, पण एकही जीव गेला नाही. याचे श्रेय घोड्याला दिले जाते. आम्हाला मात्र खरे कारण दुसरे वाटते. प्रेक्षक आणि मैदान यांच्यामध्ये उंच जाळी नव्हती, त्यामुळे मागून येणारा दाब पुढे मोकळ्या गवतावर ओसरला. पुढच्या वर्षापासून आगाऊ तिकिटांची सक्ती झाली.

९ मार्च १९४६ रोजी बोल्टनच्या बर्नडेन पार्कवर, चषकाच्याच उपांत्यपूर्व सामन्यात, कुंपण आणि दरवाजे ओलांडून आलेल्या गर्दीखाली अडथळ्याचे कठडे मोडले आणि ३३ माणसे दगावली. तरीही धडा घेतला गेला नाही. उलट १९७० च्या दशकात प्रेक्षकांची हुल्लडबाजी वाढल्यावर मैदानाभोवती उंच जाळ्या उभारण्यात आल्या. गर्दीकडे जीव म्हणून न पाहता उपद्रव म्हणून पाहण्याची सवय तेथून लागली.

१५ एप्रिल १९८९ रोजी शेफील्डच्या हिल्सबरो मैदानावर लिव्हरपूल आणि नॉटिंगहॅम फॉरेस्ट यांचा उपांत्य सामना होता. लिव्हरपूलच्या समर्थकांसाठी ठेवलेल्या लेपिंग्ज लेन या बाजूला फिरते दरवाजे अपुरे होते आणि बाहेर दाटी झाली. पोलिसांनी बाहेर पडण्याचा एक मोठा दरवाजा उघडला. पण समोरच्या बोगद्यातून लोक सरळ उभ्या प्रेक्षकांच्या मधल्या, आधीच भरलेल्या कप्प्यांत जात आहेत, त्यांना बाजूच्या रिकाम्या कप्प्यांकडे वळवले पाहिजे, याची व्यवस्था कोणी केली नाही. पुढे जाळी, मागून लोंढा. तीन वाजून सहा मिनिटांनी सामना थांबवण्यात आला. मृतांची संख्या पुढे ९७ झाली. त्यांतील शेवटचा, त्या दिवशी जखमी झालेला माणूस २०२१ साली वारला. पोलिसांनी आणि काही वृत्तपत्रांनी दोष प्रेक्षकांच्याच माथी मारला. तो पुसायला कुटुंबीयांना २७ वर्षे झगडावे लागले. २०१६ साली ज्यूरीने हे मृत्यू बेकायदा कृत्यामुळे झाल्याचा आणि त्यात प्रेक्षकांचा दोष नसल्याचा निर्णय दिला. न्यायमूर्ती टेलर यांच्या १९९० च्या अहवालानंतर जाळ्या निघाल्या आणि वरच्या श्रेणींच्या मैदानांवर प्रत्येकाला खुर्ची मिळाली.

आपल्या कामाशी जुळणारी बाब अशी की, हिल्सबरोला एकूण जागा कमी पडली नव्हती. बाजूच्या कप्प्यांत माणसे मोकळी उभी होती. रांगेच्या तोंडाशी, पुढे कोठे दाटी झाली आहे हे पाहू शकणारा आणि लोंढा वळवू शकणारा माणूस नव्हता.

प्रश्न : मूळचा एफ. ए. चषक आता कोठे पाहायला मिळतो?
— एक वाचक, जालना

उत्तर : कोठेच नाही. १८९५ साली ॲस्टन व्हिलाने तो जिंकला आणि बर्मिंगहॅममधील विल्यम शिलकॉक यांच्या फुटबॉल-साहित्याच्या दुकानात काचेआड मांडायला दिला. ११ सप्टेंबरच्या रात्री तो चोरीला गेला आणि पुन्हा सापडला नाही. व्हिलाला २५ पौंड दंड भरावा लागला. चषक बनवायला आलेला मूळ खर्च २० पौंड होता.

प्रश्न : मान मोडलेली असताना एक गोलरक्षक चषकाचा अंतिम सामना खेळला, असे आमच्या प्राध्यापकांनी सांगितले. वैद्यकीयदृष्ट्या हे शक्य आहे का?
— एक वैद्यकीय विद्यार्थिनी, अंबाजोगाई

उत्तर : ते गोलरक्षक म्हणजे मँचेस्टर सिटीचे बर्ट ट्राउटमन. दुसऱ्या महायुद्धात ते जर्मन छत्रीधारी सैनिक होते, युद्धकैदी म्हणून इंग्लंडला आले आणि सुटकेनंतर तेथेच राहिले. ५ मे १९५६ रोजी बर्मिंगहॅम सिटीविरुद्ध सामना संपायला सुमारे सतरा मिनिटे उरली असताना समोरून धावत येणाऱ्या आघाडीवीराच्या पायांवर त्यांनी झेप घेतली आणि मानेला जबर मार बसला. तरीही ते उभे राहिले, पुढेही गोल अडवले आणि सिटीने ३-१ असा विजय मिळवला. काही दिवसांनी काढलेल्या क्ष-किरण चित्रात मानेचा दुसरा मणका दुभंगलेला आढळला. तिसरा मणका त्याला घट्ट अडकून बसल्यामुळे मज्जारज्जू वाचला, असे त्याचे स्पष्टीकरण दिले जाते.

ते मैदान सोडून का गेले नाहीत, याचे उत्तर शौर्याइतकेच नियमांत आहे. त्या काळी बदली खेळाडू नव्हता. लीगमध्ये तो १९६५ साली आला. ट्राउटमन यांच्या सामन्यानंतर पुढच्याच वर्षी, १९५७ च्या अंतिम सामन्यात, मँचेस्टर युनायटेडचे गोलरक्षक रे वुड यांच्या गालाचे हाड सहाव्या मिनिटाला मोडले आणि ॲस्टन व्हिला २-१ असा जिंकला. १९५३ च्या सामन्याकडेही या दृष्टीने पाहावे. ३८ वर्षांच्या स्टॅन्ली मॅथ्यूज यांनी उजव्या बगलेतून बोल्टनची दाणादाण उडवली आणि ३-१ अशा पिछाडीवरून ब्लॅकपूल ४-३ असा विजयी झाला, म्हणून तो ‘मॅथ्यूजचा सामना’ ठरला. परंतु तीन गोल स्टॅन मॉर्टन्सन यांचे होते, हे लोक विसरतात. आणि बोल्टनचे एरिक बेल पहिल्या डावातच जखमी होऊन पुढे लंगडत खेळत होते, हे तर कोणी सांगतच नाही.

प्रश्न : इंग्लंडमध्ये हे सारे चालले होते तेव्हा आपल्याकडे फुटबॉल होता का? मराठवाड्याशी त्याचा काही संबंध लावता येईल काय?
— एक निवृत्त तहसीलदार, छत्रपती संभाजीनगर

उत्तर : ज्या वर्षी फुटबॉल लीग स्थापन झाली त्याच १८८८ साली सिमल्याला ड्युरँड चषक सुरू झाला. अफगाणिस्तानच्या सीमारेषेमुळे परिचित असलेल्या मॉर्टिमर ड्युरँड यांचेच नाव या चषकाला आहे. मुंबईचा रोव्हर्स चषक १८९१ चा. या दोन्ही स्पर्धा बाद पद्धतीच्या, म्हणजे एफ. ए. चषकाच्या वळणाच्या होत्या आणि आरंभी त्यांवर ब्रिटिश पलटणींचेच वर्चस्व होते. २९ जुलै १९११ रोजी कोलकात्याच्या मोहन बागानने आय. एफ. ए. शील्ड या स्पर्धेच्या अंतिम सामन्यात ईस्ट यॉर्कशायर रेजिमेंटला २-१ असे हरवले, ही घटना सर्वांना ठाऊक असते.

मराठवाड्याशी थेट संबंध लागतो तो हैदराबाद सिटी पोलिसांच्या संघामुळे. सय्यद अब्दुल रहीम यांच्या मार्गदर्शनाखाली या संघाने १९५० ते १९५४ अशी सलग पाच वर्षे मुंबईत रोव्हर्स चषक जिंकला. आपला विभाग १ नोव्हेंबर १९५६ पर्यंत हैदराबाद राज्यातच होता, म्हणजे या पाचही विजयांच्या वेळी तो संघ आपल्याच राजधानीचा होता. रहीम यांनी पुढे भारतीय संघाला १९५६ च्या मेलबर्न ऑलिंपिकमध्ये चौथे स्थान मिळवून दिले आणि १९६२ साली जकार्ता येथील आशियाई स्पर्धेच्या अंतिम सामन्यात दक्षिण कोरियाला २-१ असे नमवून सुवर्णपदक मिळवले. ते गोल पी. के. बॅनर्जी आणि जर्नेल सिंग यांचे होते. पुढच्याच वर्षी रहीम यांचे निधन झाले.